लोथाररावांचे जिने

नंदूकाका रिसबूड स्वतःच्या फायद्यासाठी जन्मात कधी खोटं बोलले नाहीत, हे त्यांची बायको विद्याकाकू कुठल्याही कोर्टात शपथेवर सांगतील. मात्र त्याच दमात त्या हेही सांगतील, की दुसऱ्याच्या भल्यासाठी हा माणूस इतकं बोललाय, की ते सगळं एकावर एक रचलं तर जपानमधल्या त्सुकुबाच्या दोन शिखरांच्या डोंगराला तिसरं शिखर फुटेल.

काका धातूंचे शास्त्रज्ञ. त्सुकुबातल्या एका संशोधन संस्थेत पोलादाला ताण देत देत ते कधी तुटतं हे बघण्यात त्यांची सारी नोकरी गेली, आणि निवृत्त झाल्यावर त्यांनी तोच प्रयोग माणसांच्या विश्वासावर चालू ठेवला. त्यांच्या सांगण्यावरून, एकदा त्यांच्या भट्टीचं तापमान इतकं चढलं, की शेजारच्या खोलीतल्या सहकारी मोरिता-सानच्या डब्यातली कच्ची मासळी आपोआप भाजून निघाली आणि मोरिता-सान त्या धक्क्यानं शाकाहारी झाला. मोरिता-सान अजून ठणठणीत आहे आणि आवडीनं मासे खातो. पण नंदूकाकांच्या गोष्टीला असल्या किरकोळ पुराव्यानं कधी साधी शिंकसुद्धा आली नाही.

तर गेल्या शरदात, न जळणारा कचरा उचलायच्या दिवशी, काका फुटकी बरणी टाकायला कोपऱ्यावर गेले आणि तिथे त्यांना एक उंच, वाकलेला गोरा म्हातारा जर्मन भाषेत शिव्या देताना आढळला. या म्हाताऱ्याला ते वर्षानुवर्षं लांबून बघत होते. त्सुकुबात परदेशी म्हातारा म्हटला की तो शास्त्रज्ञच असणार, असं सगळा गाव धरून चालतो. गल्लीच्या कचऱ्यावर देखरेख करणाऱ्या ओनुमा-सान तर त्याला 'सेन्सेई', म्हणजे गुरुजी, म्हणायच्या, आणि भूकंप झाला की त्याच्या घराकडे आदरानं बघायच्या, जणू त्यानंच मोजूनमापून केलाय. त्या दिवशी मात्र त्या हातात लाल स्टिकर घेऊन त्याच्या पिशव्यांसमोर उभ्या होत्या. लाल स्टिकर म्हणजे चुकीचा कचरा, घरी परत न्या.

नंदूकाका तरुणपणी स्टुटगार्टला राहिलेले. जर्मन भाषा त्यांना व्याकरणासकट येत नव्हती, पण शिव्यांसकट येत होती. ते मध्ये पडले.

"काय आहे हो पिशवीत?"

म्हातारा दचकला. मग म्हणाला, "माझी चाळीस वर्षं. फीत प्लॅस्टिकची आहे, रीळ धातूचं आहे, डबा पुठ्ठ्याचा आहे. ती जळतात की जळत नाहीत, हे या बाईंना ठरवता येत नाही. मलाही."

ओनुमा-सान अतिशय नम्रपणे वाकून म्हणाल्या, की सेन्सेईंनी प्रत्येक रीळ उलगडून फीत, धातू आणि पुठ्ठा वेगवेगळा करून पुढच्या महिन्यात आणावा. मग त्या पिशव्या काकांनी आणि म्हाताऱ्यानं दोन्ही हातांनी ओढत त्याच्या घरी नेल्या. न मागता मदत केली, की जपानमध्ये चहा घ्यावाच लागतो. मग यजमान जर्मन का असेना.

त्या चहाबरोबर म्हाताऱ्याचं सगळं आयुष्य बाहेर आलं.

नाव लोथार बिर्केनफेल्ड. टीव्ही आणि सिनेमाचा संगीतकार. "तुम्ही ऐकलं नसणार. जर्मनीतही कुणी ऐकलेलं नाही," हे त्यानं स्वतःच सांगून टाकलं. वडील एका लहानशा गावात चर्चमध्ये ऑर्गन वाजवायचे. मुलगा सिंफनी लिहायची म्हणून म्युनिकला पळाला, आणि पोटासाठी टीव्हीच्या स्टुडिओत शिरला. पहिलं काम मिळालं ते एका माणसाच्या चावीचं. माणूस खिशात चावी शोधतो, सापडत नाही, सापडते, दार उघडतो. तेवढ्याला संगीत. पडद्यासमोर बसायचं, हातात स्टॉपवॉच, माणसाचा हात खिशात गेला की सूर सुरू, कुलूप उघडलं की बंद. दिग्दर्शकानं चित्र बघितलं आणि विचारलं, "संगीत कुठे होतं?" लोथाररावांना वाटलं, नोकरी गेली. तर तो म्हणाला, "माझ्या लक्षातच आलं नाही. उत्तम!"

मग हेच त्यांचं भांडवल झालं. एक गुप्तहेरांची मालिका पुष्कळ वर्षं चालली. तिचं सुरुवातीचं झोकदार संगीत एका बड्या माणसाचं. पण इन्स्पेक्टर जिना चढायला लागला, की ते काम लोथाररावांचं.

"आणि आमच्याकडचे गुन्हेगार नेहमी वरच्या मजल्यावर राहायचे," लोथारराव म्हणाले. "लिफ्टला पैसे पडतात, म्हणून निर्माते जुन्या इमारती निवडायचे. त्यातून इन्स्पेक्टर लठ्ठ. जिने संपता संपायचे नाहीत. मी लाकडी जिने केले, दगडी केले, गोल फिरणारे केले. त्या माणसाच्या गुडघ्यांवर माझा संसार झाला."

सिनेमे दोन. एक दीपगृहाच्या रखवालदाराचा. त्याचं संगीत करायला लोथारराव आख्खा हिवाळा खपले, आणि शेवटच्या घडीला दिग्दर्शकाला साक्षात्कार झाला, की नुसता समुद्राचा आवाज पुरे. संगीत सगळं काढलं, नाव तेवढं पाटीवर राहिलं. दुसरा डोंगरातला विनोदी सिनेमा. तो दोन गावांत लागला, त्यांतल्या एका गावात थिएटरात पुराचं पाणी शिरलं. बाकी मग गुरांच्या डॉक्टरची मालिका, वाहतुकीच्या नियमांचे बोधपट. गाईच्या बाळंतपणाला तर लोथाररावांचा हात धरणारा म्युनिकमध्ये कुणी नव्हता.

बायको काझुए. स्टुडिओच्या वाद्यवृंदात व्हायोला, म्हणजे व्हायोलिनची थोरली बहीण, वाजवायची. "व्हायोला कुणालाच ऐकू जात नाही," लोथारराव म्हणाले, "म्हणून आमचं जमलं." तिच्या आईचं करायला म्हणून दोघं त्सुकुबाला आले. आई शंभरी गाठून गेली. काझुए त्यानंतर लवकरच. आता घरात पियानो, कपाटभर फिती आणि लोथारराव.

"पुढच्या महिन्यापर्यंत सगळी रिळं उलगडून होतील," ते शांतपणे म्हणाले. "एवढ्या वर्षांत एका माणसानं मला विचारलं नाही, की ते जिन्यातलं संगीत कुणाचं. मग ठेवायचं कुणासाठी?"

नंदूकाकांना ते बघवेना. आणि दुसऱ्याचं दुःख बघवेनासं झालं की तोंडातून थाप बाहेर पडते, ही त्यांची जुनी व्याधी.

"कमाल करता! अहो, तो इन्स्पेक्टर भारतात लागायचा की!"

लोथाररावांचा कप हवेत थांबला. "भारतात?"

"दर रविवारी. आमच्या आख्ख्या पिढीला तुमचा जिना पाठ आहे."

"कुठला जिना?"

"कुठला म्हणजे... आपला तो... लाकडी."

"हाम्बुर्गचा!" लोथारराव उठले आणि थेट पियानोवर जाऊन बसले. एक जड माणूस खालच्या पायरीवर उभा राहिला, वर बघून त्यानं निःश्वास टाकला आणि तो चढायला लागला, असं त्या सुरांत सरळ दिसत होतं. मध्ये एका वळणावर सूर थबकले.

"इथे तो दम खातो," नंदूकाका म्हणाले. हे काही खोटं नव्हतं, कुणालाही कळलं असतं. पण लोथाररावांच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. त्यांनी पिशव्या उचलल्या, एकेक करून सगळी रिळं कपाटात परत लावली, आणि वळून जर्मन रिवाजाप्रमाणे 'हेर', म्हणजे 'श्रीयुत', लावून म्हणाले, "हेर डॉक्टर, मला त्या लोकांना भेटता येईल?"

घरी आल्यावर विद्याकाकूंनी सगळं ऐकून घेतलं आणि कपाळाला हात लावला.

"अहो, कुणी पाहिलाय तो इन्स्पेक्टर?"

"कुणीच नाही."

"मग?"

"मग काय! शिकवायचं लोकांना."

"तुम्हाला लाज कशी नाही वाटत? त्या बिचाऱ्याला खरं कळलं ना, तर तो पुन्हा ती रिळं सोडवायला बसेल. आणि या खेपेला ती सोडवून थांबणार नाही हो. असली माणसं एकदा आवरायला लागली की सगळंच आवरतात."

हे मात्र नंदूकाकांच्या छातीत जाऊन बसलं. थाप मारताना त्यांना पुढचं दिसत नसे. आता दिसायला लागलं. पण मागे फिरायचा रस्ता त्यांना कुठल्याच थापेत कधी सापडला नव्हता.

त्सुकुबाच्या मराठी मंडळाची दिवाळी पहाट जवळ आली होती. कम्युनिटी सेंटरचं दार नऊला उघडतं, म्हणून त्सुकुबात दिवाळीची पहाट नऊला होते. मंडळाची सेक्रेटरी अनघा. ती रोज टोकियोला बँकेत जाते-येते आणि मंडळाचा सगळा कारभार येता-जाता फोनवरून हाकते. काकांनी तिला फोन लावला.

"नंदूकाका, मी ट्रेनमध्ये आहे, बोलता येत नाही. तुम्ही बोला, मी ऐकते."

काका बोलले. बोलणं संपेपर्यंत गाडी दोन स्टेशनं पुढे गेली असावी. मग अनघाचा मेसेज आला: "पाहुणे कलाकार म्हणून ठेवू. पण काका, हे पाप तुमच्या नावावर."

ठरलं ते असं. काकांनी लोथाररावांचा हाम्बुर्गचा जिना फोनवर रेकॉर्ड करून आणायचा. तो व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकायचा. सगळ्यांनी येता-जाता ऐकायचा. मंडळाचा कीबोर्डवाला जयेश, पुण्याचा सॉफ्टवेअर इंजिनिअर, सराव घेणार. आणि कार्यक्रमात लोथाररावांनी सूर धरला, की चाळिशीच्या पुढच्यांनी "अरे, हे तर ते!" असं म्हणून गुणगुणायला लागायचं. मराठी माणसाला समूहगीत बसवायला सांगा, तो जिना काय, रेल्वेचं वेळापत्रकसुद्धा चालीत बसवेल.

काका रेकॉर्डिंगला गेले. फोन पियानोवर ठेवला. लोथारराव वाजवत असताना दाराची बेल वाजली. 'तिंग-तोंग'. कुरिअरवाला होता. काकाच उठून पार्सल घेऊन आले. लोथारराव वाजवतच राहिले. काकांनी ते रेकॉर्डिंग तसंच ग्रुपवर टाकलं. ऐकून बघितलं नाही; थापाड्या माणूस आपली थाप कधी परत ऐकत नाही.

बेल पडली होती नेमकी वळणावर, इन्स्पेक्टर दम खातो तिथे.

"काय कल्पना आहे!" जयेश सरावाला सगळ्यांना समजावून सांगू लागला. "माणूस धापा टाकत वर पोहोचतो आणि बेल वाजवतो. तिंग-तोंग! हे युरोपियन लोक ना, डिटेलिंगमध्ये बाप असतात. इथे सगळ्यांनी जोर द्यायचा हं."

त्या दिवशी नंदूकाका सत्काराचा नारळ शोधायला टोकियोला गेले होते.

सरावाला एकच बाई आल्या नाहीत. अनघाच्या सासूबाई, पद्मिनीबाई. सांगलीहून नातीला बघायला आलेल्या, तीन महिन्यांच्या बोलीवर. "न ऐकलेल्या गाण्यावर मी मान डोलवायची? मला काय सभेला ट्रकनं आणलंय?" असं म्हणून त्यांनी विषय मिटवला. "कार्यक्रमाला येईन. फराळाला बसेन. खोटं गुणगुणणार नाही."

दिवाळीच्या आधीच्या रविवारी नऊ वाजता पहाट झाली. बाहेरचे जोडे काढून सगळ्यांनी सेंटरच्या हिरव्या सपाता घातल्या. आत ज्योत लावायला बंदी, म्हणून पणत्या बॅटरीच्या. पैठणी, झब्बे, अत्तर, आणि पायात हिरव्या सपाता. लोथारराव कापराचा वास येणारा काळा सूट घालून आले होते. जयेशनं कीबोर्डवर भूपाळी वाजवली. मग अनघानं लोथाररावांना शाल पांघरली आणि हातात नारळ ठेवला.

"याचं काय करायचं?" त्यांनी काकांना हळूच विचारलं.

"जवळ धरायचा."

लोथाररावांनी तो तान्ह्या पोराला धरावं तसा धरला. नंदूकाका ओळख करून द्यायला उभे राहिले. इतकी वर्षं साठवलेला दारूगोळा त्यांनी त्या दिवशी उडवला. जर्मनीत असा एक जिना नाही ज्यावर लोथाररावांचा सूर चढलेला नाही; म्युनिकच्या गाई त्यांच्या संगीताशिवाय व्यायच्याच नाहीत; दीपगृहाच्या सिनेमाचं संगीत इतकं प्रभावी होतं, की समुद्राचा आवाज ऐकू येईना, म्हणून ते काढावं लागलं. विद्याकाकू पहिल्या रांगेत डोळे मिटून बसल्या होत्या.

"काय सांगितलंत?" लोथाररावांनी विचारलं.

"थोडक्यात माहिती दिली."

लोथारराव नारळ मांडीवर घेऊन सेंटरच्या पियानोवर बसले. हाम्बुर्गचा जड माणूस जिना चढू लागला. आणि सभागृहातून, ठरल्याप्रमाणे, उद्गार उठला, "अरे, हे तर ते!" माना डोलू लागल्या, गुणगुण सुरू झाली. लोथारराव न थांबता मागे वळून बघू लागले. त्यांच्या चेहऱ्यावर जे काही उजाडलं, ते बघून नंदूकाकांना वाटलं, की माणसानं एवढ्यासाठी खोटं बोलायला काहीच हरकत नाही. इन्स्पेक्टर वळणावर आला. सूर थबकले.

"तिंग-तोंग!"

आख्खं सभागृह. पोरांचा आवाज सगळ्यांत वर.

लोथाररावांचे हात पट्ट्यांवर तसेच राहिले. लोक आणखी एक पायरी गुणगुणले आणि पियानो नाही म्हटल्यावर गप्प झाले. लोथारराव हळूहळू काकांकडे वळले.

"हेर डॉक्टर," ते खालच्या आवाजात म्हणाले, "ही माझ्या घराची बेल आहे."

नंदूकाकांनी तोंड उघडलं. जन्मात पहिल्यांदा आत काहीच नव्हतं. भट्टी नाही, मासळी नाही.

"कुणीच पाहिला नव्हता का इन्स्पेक्टर?"

"नाही," काका म्हणाले. "तुम्ही रिळं टाकत होतात."

लोथाररावांनी मान हलवली. रागावले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "सूर चांगले लागले सगळ्यांचे. आणि बेल तिथे छान बसते. मला सुचायला हवी होती." मग त्यांनी खांद्यावरची शाल नीट केली आणि सभागृहाकडे तोंड करून जर्मनमध्येच बोलू लागले. काकांना भाषांतर करणं भाग होतं. या खेपेला त्यांनी कणभरही मीठ घातलं नाही.

"ते म्हणतात, आभारी आहे. ते म्हणतात, शेवटी एक लहानसं वाजवतो आणि घरी जातो. याला सरावाची गरज नाही, कारण हे जगात कुणीच ऐकलेलं नाही. सत्त्याहत्तर साली एका दुपारी त्यांनी एका कंपनीसाठी केलं होतं. करड्या कव्हरच्या रेकॉर्डी असायच्या, वर संगीतकाराचं नाव नाही. देशोदेशीच्या टीव्हीवाल्यांना विकायच्या. कंपनीवाला म्हणाला होता, कुठेही बसेल आणि कुठेही तोडता येईल असं काहीतरी कर. त्याचं पुढे काय झालं ते त्यांना माहीत नाही."

लोथारराव वाजवू लागले. साधी, उनाड, फुरसतीची धून होती. बांधावर पाय सोडून बसलेल्या माणसानं शीळ घालावी तशी. खाली डावा हात नुसता झुलत होता.

पद्मिनीबाई उठल्या.

"आई, कुठे?" अनघानं दबक्या आवाजात विचारलं.

"कुकर बघून येते गं."

"इथे कुठला कुकर?"

पण पद्मिनीबाई पदर खोचून दाराकडे निघाल्याही होत्या. तिसऱ्या रांगेतले श्रीहरी जोगळेकर, मुलाकडे नाशिकहून आलेले, उभे राहिले, आळस दिला आणि कोपऱ्यातल्या पाण्याच्या भांड्याकडे गेले. आणखी दोन-तीन पिकली डोकी उठली. विद्याकाकू तर थेट खिडकीशी जाऊन बाहेर वर बघत उभ्या राहिल्या. तरुण मंडळी चकित होऊन एकमेकांकडे बघत होती. लोथाररावांनी मान वळवली. त्यांना दिसलं ते एवढंच, की सगळे म्हातारे उठून चाललेत, आणि सगळ्यांच्या पुढे त्यांचा मित्र, हेर डॉक्टर, दाराबाहेर जाऊन सपाता काढून बूट घालतोय. त्यांनी डोळे मिटून घेतले आणि आणखी हळू वाजवू लागले, कुणाच्या लक्षात येऊ नये असं. ती कला त्यांना येतच होती.

एक बूट घालून झाल्यावर नंदूकाका भानावर आले. आपण कुठे निघालोय? गच्चीवर. कशाला? अँटिना फिरवायला. कुठली गच्ची?

तेवढ्यात दारात पद्मिनीबाई किंचाळल्या, "अगंबाई! हे तर व्यत्ययाचं!"

मग जो कल्ला झाला! श्रीहरी जोगळेकरांच्या हातातलं पाणी झब्ब्यावर सांडलं. "व्यत्ययाचं! तेच! पाटी लागायची आणि हे वाजायचं!" काका एका पायात बूट, एका पायात मोजा, असे सेंटरचे सगळे नियम तुडवत पियानोकडे धावले.

"लोथारराव! थांबू नका! म्हणजे थांबा! हे आम्ही ऐकलंय!"

लोथाररावांनी हात थांबवले, पण डोळे उघडले नाहीत. "पुरे झालं, हेर डॉक्टर."

"अहो, देवाशप्पथ!"

"खरं आहे ते," पद्मिनीबाई पुढे आल्या. त्यांना जर्मन येत नव्हती, लोथाररावांना मराठी येत नव्हती. पण त्या सांगलीच्या असल्यामुळे आवाज चढवला की कुठलीही भाषा समजते, यावर त्यांचा विश्वास होता. "मी गुणगुणले नव्हते मघाशी. बघितलंत ना? मी खोटं करत नाही. हे मी ऐकलंय. रग्गड ऐकलंय!"

हे काकांनी भाषांतर केलं. मघाशी न गुणगुणणारी एकच बाई लोथाररावांनीही टिपली होती. त्यांनी डोळे उघडले.

मग काकांनी सांगितलं. त्या काळी आमच्याकडे टीव्हीचं एकच केंद्र होतं, आणि कार्यक्रम चालता चालता मध्येच चित्र जायचं. कधी सिनेमात नायिका दार उघडायच्या वेळी, कधी शेवटच्या षटकात. मग पडद्यावर एक पाटी यायची, 'व्यत्ययाबद्दल क्षमस्व'. आणि चित्र परत येईपर्यंत हे वाजत राहायचं.

लोथारराव बारकाईनं ऐकत होते. "चित्र जायचं?"

"जायचं."

"संवाद?"

"नाहीत."

"कुणी जिना वगैरे चढत नसे?"

"कुणीच नाही हो. नुसती पाटी. आणि तुम्ही."

लोथाररावांनी मांडीवरचा नारळ उचलून हातात घेतला. मग विचारलं, "किती लोक?"

काका आकडा सांगायला पुढे सरसावले. विद्याकाकू मागून म्हणाल्या, "अहो, खरं सांगा."

"खरं सांगायचं तर मोजले नाहीत कुणी. आमच्या आळीत एकच टीव्ही होता. खोलीत, ओसरीवर, खिडकीच्या गजांना लटकून, सगळी आळी असायची. आणि अशा आळ्या गावोगाव." सांगता सांगता काका थबकले. फुगवायला जागाच नव्हती. खरंच तेवढं मोठं होतं.

"आणि हे वाजताना लोक काय करायचे?"

आता सगळ्यांना एकदम बोलायचं होतं. पद्मिनीबाई म्हणाल्या, "मी कुकर लावायची. मेलं नेमकं रंगात आलं की जायचं. पण एक होतं. सासूबाई एरवी माझ्याशी बोलायच्या नाहीत. हे लागलं की म्हणायच्या, काय गं, पुढे काय होईल? तेवढंच बोलणं आमचं." श्रीहरी जोगळेकरांचे वडील कडक मास्तर, जन्मात कधी गाणं म्हटलं नाही, पण दाढी करताना हीच धून शिळेवर वाजवायचे. "कुणाची आहे ते त्यांनाही माहीत नव्हतं," जोगळेकर म्हणाले. "मी इतकी वर्षं समजत होतो, ती त्यांचीच."

"आमच्या घरचा टीव्ही होता," विद्याकाकू म्हणाल्या. "हे लागलं की एक कॉलेजातला मुलगा लगबगीनं आमच्या गच्चीवर जायचा, अँटिना फिरवायला. मी खाली खिडकीत. तो वरून ओरडायचा, 'आता?' मी म्हणायची, 'नाही.' परत 'आता?' परत 'नाही.' व्यत्यय केंद्रावरचा असतो, अँटिनानं काही होत नाही, हे त्याला चांगलं ठाऊक होतं. मलाही होतं." त्या लोथाररावांकडे वळल्या. "सांगा हो त्यांना. आमचं लग्न यावर जमलं."

काकांनी विद्याकाकूंकडे बघत ते भाषांतर केलं.

लोथाररावांनी नारळ जपून पियानोवर ठेवला. "ही फीत माझ्याकडे असणार," ते म्हणाले. "कुठल्या डब्यात, आठवत नाही. उद्या याल का शोधायला?" आणि मग जरा लाजत, "परत वाजवू? पण कृपा करून बसू नका. मघाशी करत होतात तेच करा. मला समोर चित्र लागतं हो. त्याशिवाय हात चालत नाही."

धून सुरू झाली. सगळी पिकली डोकी कामाला लागली. पद्मिनीबाईंनी नसलेल्या कुकरचं झाकण लावलं, आणि ते बसेना म्हटल्यावर लोथाररावांनी डाव्या हातानं त्याला जोर दिला. श्रीहरी जोगळेकरांनी गालाला साबण लावला. त्यांचा वस्तरा हनुवटीखाली गेला तेव्हा सूर श्वास रोखून बारीक झाले. काका टेबलावर चढून अँटिना फिरवायला लागले. "आता?" "नाही," विद्याकाकू खिडकीतून म्हणाल्या, आणि त्या 'नाही'खाली लोथाररावांनी असा काही गोड सूर सरकवला, की अनघाची मुलगी जपानीत आईला विचारायला लागली, विद्याआजी लाजतेय का?

वाजवता वाजवता लोथाररावांच्या ध्यानात आलं, की याला शेवटच नाही. कुठेही तोडता यावी म्हणूनच तर केलेली धून. ते परत पहिल्यापासून फिरले. आणखी एकदा फिरले. सेंटरचा रखवालदार वेळ झाली सांगायला दारात आला आणि टेबलावर चढलेल्या शास्त्रज्ञाकडे बघत तिथेच उभा राहिला. लोथाररावांनी पियानोवरून मान उचलून सगळ्यांकडे पाहिलं. कुठे थांबू?

पद्मिनीबाईंनी हातातलं झाकण टाकून दिलं आणि सांगलीपर्यंत जाईल अशी आरोळी ठोकली.

"आलं!"

"आलं! आलं!" सगळी म्हातारी पोरं ओरडत, एकमेकांना ढकलत आपापल्या जागेकडे धावली, आणि लोथाररावांनी पट्ट्यांवरून हात उचलले.